चाल तीच, शब्द निराळे

संस्कृतांत ‘विडंबन’ या शब्दांत अनुकरण आणि उपहास असे दोन्ही अर्थ एकत्र नांदतात. मराठीनें मात्र त्यांत वाटणी केली. विडंबन निराळें आणि विटंबना निराळी. सतराव्या शतकांत नीलकंठ दीक्षितांनीं ‘कलिविडंबन’ या काव्यांत वैद्य, ज्योतिषी आणि कवि यांची चांगलीच हजेरी घेतली आहे; पण तें वाचून एखाद्या वैद्यानेंही हंसावें, अशीच त्याची धाटणी आहे. विडंबनगीतांचा विचार करतांना हा भेद मनांत असावा.

मुंबईच्या उपनगरांतून गेल्या पन्नास वर्षांत दूरचित्रवाणीवर जीं विडंबनगीतें रचलीं आणि गायिलीं गेलीं, त्यांचा कोणीतरी संग्रह करावा असें आम्हांस फार दिवस वाटत आहे. अंधेरी ते बोरिवली म्हणा किंवा घाटकोपर ते मुलुंड म्हणा, गणेशोत्सवांत नाहींतर कोजागिरीच्या रात्रीं गच्चीवर एखाद्या हौशी गृहस्थानें नाट्यपदाच्या चालीवर टीव्हीचें गाणें म्हटलें नाहीं, अशी इमारत विरळा. रचणारे बँकेंतले कारकून, शाळामास्तर, क्वचित् एखादी विनोदी गृहिणी. गाणें एका रात्रीपुरतें. दुसऱ्या दिवशीं कागद रद्दींत जाई, आणि चाल जिची तिच्याकडे परत जाई.

मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजीं सुरू झालें. प्रक्षेपणाचा मनोरा वरळीला आणि आम्ही राहणार मुलुंडला. तेव्हां मधल्या हवेचा आणि गच्चीवरील कावळ्यांचा या मनोरंजनांत मोठा वांटा असे. एक जण वर ॲल्युमिनिअमच्या कांड्या फिरवी, दुसरा जिन्यांत, तिसरा संचासमोर. ‘दिसतंय का?’ आणि ‘मघाशीं होतं तें बरं होतं!’ हा संवाद त्या काळच्या कित्येक गाण्यांचें ध्रुपद होऊन बसला होता. दुसरा आवडता विषय ‘व्यत्यय’ या पाटीचा. पाणिनीच्या सूत्रांत वेदांतील रूपांच्या अदलाबदलीसाठीं योजलेला हा शब्द वर्गांत समजावितांना आमचा घसा कोरडा पडे. दूरदर्शनानें तो एका वर्षांत बालवाडीच्या मुलांनाही शिकविला! चित्र गेलें, कीं मुलें एका सुरांत ‘व्यत्यय’ म्हणून ओरडत.

या गाण्यांची जात नवी नाहीं. १८८० सालीं अण्णासाहेब किर्लोस्करांनीं ‘संगीत शाकुंतल’ रंगभूमीवर आणलें. तेव्हांपासून नाटकाच्या पुस्तकांत पदाच्या डोक्यावर ‘चाल’ छापण्याचा प्रघात आपल्या वाचकांच्या परिचयाचा आहे. माहीत असलेल्या चालीवर नवे शब्द बसविणें हा मराठी माणसाच्या अंगवळणीं पडलेला व्यवहार आहे. भोंडल्यांत मुली सासरच्या माणसांची जी थट्टा करतात, तिच्यांतही चाल ठरलेली आणि मधले पदार्थ, दागिने व नाती बदलतीं. आमच्याच इमारतींतल्या भोंडल्यांत सुनेचा रुसवा काढण्यासाठीं पाटल्या-बांगड्यांऐवजीं रंगीत टीव्ही आलेला आम्हीं ऐकला आहे. १९८२ सालीं रंगीत प्रक्षेपण सुरू झालें, त्यानंतरची ही गोष्ट. ती रचणाऱ्या मुलीला आपण वाङ्मय केलें याची गंधवार्ताही नव्हती.

वाङ्मय म्हणून विडंबनाची पुरी प्रतिष्ठा केली ती आचार्य अत्र्यांनीं. ‘केशवकुमार’ या नांवानें त्यांनीं लिहिलेलीं ‘झेंडूचीं फुलें’ १९२५ सालीं पुस्तकरूपानें निघालीं. रविकिरण मंडळाच्या कवितेचा तो भराचा काळ. तिच्यांतील लकबी अत्र्यांनीं अशा नेमक्या उचलल्या, कीं ‘प्रेमाचा गुलकंद’ वाचणाऱ्यास एका अंगानें त्या कवितेची ओळखच पटते. आज गंमत अशी झाली आहे, कीं ज्या कवितांची थट्टा झाली त्यांतील पुष्कळ कविता सामान्य वाचकाच्या स्मरणांतून गेल्या आणि थट्टा तेवढी राहिली. ती राहिली, कारण ती छापलेली होती. उपनगरांतील गाणीं गुणांत अत्र्यांच्या पासंगासही पुरत नसतील. परंतु तीं छापलींच गेलीं नाहींत, त्यामुळें तो निवाडाही करतां येत नाहीं.

विडंबनाला मूळ वस्तु सर्वांस ठाऊक असावी लागते. ही अट कवितेच्या बाबतींत शिकलेल्या थोड्यांपुरतीच पुरी होई. दूरदर्शनानें ती वीस वर्षें सगळ्या गांवासाठीं पुरी केली. चिं. वि. जोशींचे चिमणराव आणि गुंड्याभाऊ पूर्वी वाचकांचे होते. दिलीप प्रभावळकर चिमणराव झाले आणि ते शेजाऱ्याचे झाले. २५ जानेवारी १९८७ पासून दर रविवारीं सकाळीं ‘रामायण’ दाखवूं लागले, तेव्हां लोक स्नान करून बसत, संचाला हार घालीत. त्यावर गाणीं झालीं, आणि एरवीं सोंवळ्यांत वावरणाऱ्या आजीबाईही तीं ऐकून हंसल्या. कारण थट्टा रामाची नव्हती. रामाच्या वेळीं दूध उतूं जाऊं देणाऱ्या सुनेची आणि फुकट पाहायला येऊन चहाची वाट बघणाऱ्या शेजाऱ्याची होती. विडंबन आणि विटंबना यांतील रेघ आमच्या लोकांनीं न शिकवितां ओळखली होती. १९८९ सालीं तर जसपाल भट्टी यांच्या ‘फ्लॉप शो’नें दूरदर्शनावरच प्रत्येक भागाच्या शेवटीं सिनेमाच्या गाण्याचें विडंबन म्हणण्याचा पाठ घातला.

पुढें १९९२ च्या ऑक्टोबरांत झी आली, १५ ऑगस्ट १९९९ रोजीं अल्फा मराठी आली. ३ जुलै २००० रोजीं सुरू झालेल्या ‘क्यूंकि सास भी कभी बहू थी’ या मालिकेपर्यंत निदान घरांतील स्त्रियांचें पाहणें पुष्कळसें एक होतें. शालू आणि दागिन्यांसकट झोंपणाऱ्या सुनांवर बरीं गाणीं झालीं. मालिका अंधेरी-गोरेगांवांत तयार व्हायच्या आणि त्यांची टवाळीही त्याच लोकलच्या डब्यांत व्हायची. आतां प्रत्येकाच्या हातांत स्वतंत्र पडदा आहे. मागील वर्षीं आमच्या सोसायटींतील एका तरुणानें स्नेहसंमेलनांत एक मालिकागीत बदलून म्हटलें. रचना सफाईदार होती. परंतु मालिका पाहिलेली माणसें पांचसहाच. तेवढीं हंसलीं, बाकीच्यांनीं सभ्यपणें टाळ्या वाजविल्या. सभ्य टाळ्यांइतकी वाईट दाद विनोदाला दुसरी नाहीं. भरतमुनींनीं हास्याचे स्मितापासून अतिहसितापर्यंत सहा प्रकार सांगितले आहेत. त्यांत या टाळीस जागा नाहीं.

म्हणूनच संग्रह करावयाचा तर आतांच. गाणारे सत्तरीपुढें गेले आहेत. ध्वनिमुद्रिका काढावयाची तर कायद्याचा विचार आधीं करावा लागेल. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यांत टीका-समीक्षेसाठीं उचित वापराची सवलत आहे. पण विडंबनाचें नांव तींत वेगळें घातलेलें नाहीं. २०१२ च्या दुरुस्तीप्रमाणें जुनें गाणें नव्यानें मुद्रित करण्याचा परवाना मिळूं शकतो. परंतु त्यांत शब्द बदलण्याची मुभा नाहीं, आणि विडंबनांत तर शब्दच बदलावयाचे! हक्क कर्त्याच्या मृत्यूनंतर साठ वर्षें टिकतो. सबब सिनेमाच्या चालींवरचीं गाणीं तूर्त वहींतच राहूं द्यावीं आणि मुद्रणासाठीं ओव्या, भोंडला, भारुड व किर्लोस्करांचीं पदें यांच्या चाली निवडाव्या. त्या कोणाच्या मालकीच्या नाहींत आणि गळ्यालाही सोप्या.

वहींत मात्र सगळें उतरावें: डोक्यावर चाल, खालीं साल, इमारतीचा व उपनगराचा उल्लेख, कार्यक्रमाचें नांव. अश्लील असेल तें सोडावें, व्यंगावर असेल तें सोडावें, बाकी भाषा शुद्ध करीत बसूं नये. (ही सूचना एका शाळामास्तराकडून येत आहे, याची नोंद घ्यावी.) टिपा हव्यातच. आमच्या नातवाला अँटेनाचें गाणें म्हणून दाखविलें, तेव्हां चित्र दिसण्यासाठीं माणूस गच्चीवर कशाला चढला, हें समजावण्यांत दहा मिनिटें गेलीं. त्यानंतर त्यानें तें आम्हांकडून दोनदां म्हणवून घेतलें.