पाव आणि जकात (लेखांक ६) : सरकत्या जकातीचा घोळ

मागच्या लेखांकात १८१५ चा ब्रिटिश धान्य कायदा आपण पाहिला. देशी गव्हाचा भाव क्वार्टरला ८० शिलिंग होईपर्यंत परदेशी गहू बाजारात उतरवायचा नाही, असा तो कायदा. पुढे त्याची रूपे बदलली आणि १८४६ मध्ये तो रद्द झाला. का रद्द झाला म्हणून विचारले, तर उत्तर ठरलेले असते. आयर्लंडात बटाट्यावर रोग पडला, उपासमार दिसू लागली आणि पंतप्रधान रॉबर्ट पील यांना उपरती झाली. हे उत्तर खोटे नाही, पण अपुरे आहे. बटाट्याने तारीख तेवढी ठरवली. कायद्यातला जीव त्याआधीच गेला होता, आणि तो घेणाऱ्या दोन गोष्टी अगदी रुक्ष होत्या. एक जकातीचा तक्ता, दुसरा प्राप्तिकर.

आधी मापे सांगून टाकतो. क्वार्टर म्हणजे आठ बुशेल, गव्हाच्या हिशेबात सुमारे २१८ किलो. बारा पेन्सचा शिलिंग, वीस शिलिंगांचा पौंड.

१८१५ च्या कायद्याला मधली वाटच नव्हती. भाव ८० च्या आत असला तर परदेशी गव्हाला दार बंद, ८० च्या वर गेला तर दार सताड उघडे आणि जकात शून्य. १८१७ मध्ये वर्षाची सरासरी ९६ शिलिंग ११ पेन्सवर चढली. पुढे देशात पिके चांगली आली आणि १८२२ ची सरासरी ४४ शिलिंग ७ पेन्सवर आपटली. सरकारने जणू ८० ची हमीच दिली आहे अशा समजुतीने ज्यांनी चढ्या खंडाने जमिनी कसायला घेतल्या होत्या, ते कुळवाडी त्यात पुरते बुडाले. खंड घेणारे जमीनदार संसदेत बसलेले होते. कुळे नव्हती.

यावर १८२८ मध्ये, वेलिंग्टन पंतप्रधान असताना, तोडगा निघाला तो सरकत्या जकातीचा. भाव कमी असेल तेव्हा जकात जास्त, भाव चढेल तशी जकात उतरणार. गहू ५२ शिलिंग असेल तर जकात ३४ शिलिंग ८ पेन्स, ६६ असेल तर २० शिलिंग ८ पेन्स, आणि ७३ किंवा त्यापुढे गेला की फक्त १ शिलिंग. कागदावर योजना देखणी होती. शेतकऱ्याला स्वस्ताईत आडोसा, खाणाऱ्याला महागाईत दिलासा, दोघेही खूश.

आता हाच तक्ता धान्याच्या व्यापाऱ्याच्या नजरेने वाचू. समजा डान्झिगहून आणलेला त्याचा गहू लंडनच्या बाँडेड गोदामात, म्हणजे जकात भरेपर्यंत माल अडकून राहतो अशा गोदामात, पडून आहे. भाव ६६ आहे. आज माल सोडवला तर क्वार्टरमागे २० शिलिंग ८ पेन्स भरायचे. भाव ७३ होईपर्यंत कळ काढली तर जकात १ शिलिंग, वर माल सात शिलिंग महाग विकला जाणार. दोन्ही मिळून क्वार्टरमागे २६ शिलिंग ८ पेन्सांचा फरक. असा कोण व्यापारी आहे जो आज माल काढेल? म्हणजे भाव चढू लागला की पुरवठा वाढायचा सोडून आटायचा. ७३ चा आकडा दिसला की सगळी गोदामे एकदम उघडायची, आणि भाव कोसळायचा तो नेमका देशी शेतकऱ्याचा नवा माल बाजारात येण्याच्या सुमाराला. १८३८ च्या सप्टेंबरात असेच झाले. ज्याच्या रक्षणासाठी तक्ता केला, त्याच्याच डोक्यावर तो पडला.

त्यात हा भाव ठरायचा कसा? दीडशे गावांच्या बाजारांत धान्य निरीक्षक नेमलेले होते. झालेल्या विक्रीचे आकडे दर आठवड्याला ते लंडनला कळवत, सरासरी ‘लंडन गॅझेट’मध्ये छापून येई आणि सहा आठवड्यांच्या सरासरीवर जकात ठरे. आकड्यावर इतका पैसा लटकत असेल तर आकड्याशी खेळ होणारच. एकमेकांना चढ्या भावाने लटक्या विक्र्या दाखवून सरासरी वर ढकलतात, असा आरोप व्यापाऱ्यांवर सतत होई. १८४२ मध्ये पील यांनी गावांची यादी वाढवली ती याचसाठी.

या घोळाची झळ बँक ऑफ इंग्लंडलाही लागत होती, आणि ही बाजू इतिहासाच्या पुस्तकांत सहसा दोन ओळींत उरकली जाते. गहू नियमाने येत असता तर विकणारा देश त्या बदल्यात इंग्लंडचे कापड, लोखंड नियमाने घेत राहिला असता. इथे मात्र दोन-तीन वर्षे सामसूम आणि मग काही आठवड्यांत प्रचंड खरेदी. अशा अचानक आलेल्या गिऱ्हाइकाला विकणारा उधारीवर माल देत नाही, त्याला सोने हवे असते. १८३९ मध्ये बँकेच्या तळघरातले सोने इतके आटले की बेअरिंग या पेढीच्या मध्यस्थीने पॅरिसहून २० लाख पौंडांची सोय करावी लागली. वॉटर्लूला अजून पंचवीस वर्षेही झाली नव्हती, आणि ब्रिटिश पतपेढीची अब्रू फ्रेंच पैशाने राखली.

त्याच १८३९ मध्ये जेम्स विल्सन नावाच्या एका टोपीच्या कारखानदाराने पुस्तिका लिहिली. स्कॉटलंडमधल्या हॉइक गावचा हा माणूस नुकताच निळीच्या सट्ट्यात हात पोळून बसला होता. भावाची चढउतार म्हणजे काय, हे त्याला कोणी शिकवायला नको होते. त्याचा मुद्दा वेगळा होता. गिरणीवाले म्हणत, हा कायदा जमीनदाराची तुंबडी भरतो आणि आम्हाला लुटतो. विल्सन म्हणत होते की शेतीचेही यात भले नाही, कारण हा कायदा भाव वर धरून ठेवत नाही, तो फक्त हेलकावे देतो. वर दिलेले आकडे पाहिले की विल्सन यांचे बरोबर होते असेच म्हणावे लागते. १८४३ मध्ये त्यांनी मुक्त व्यापाराच्या प्रचारासाठी एक साप्ताहिक काढले, ‘द इकॉनॉमिस्ट’. ते आजही निघते.

मँचेस्टरची धान्य कायदाविरोधी लीग, रिचर्ड कॉब्डेन आणि जॉन ब्राइट यांच्यावर पुष्कळ लिहिले गेले आहे, म्हणून इथे थोडक्यात. कॉब्डेन छापील कापडाचे कारखानदार, ब्राइट रॉचडेलच्या सूतगिरणीवाल्या घरातले. १८४० मध्ये एका पेनीत देशभर पत्र जाऊ लागले आणि लीगने पत्रकांचा पाऊस पाडला. १८१९ मध्ये मँचेस्टरच्या ज्या सेंट पीटर्स मैदानावर निःशस्त्र सभेवर घोडेस्वार घातले गेले होते, तिथेच लीगने सभागृह उभारले. १८४५ मध्ये लंडनच्या कॉव्हेंट गार्डन नाट्यगृहात भरवलेल्या बाजारातून सुमारे २५,००० पौंड उभे राहिले. पैसा गिरणीवाल्यांचा होता आणि लीगने तो कधी लपवला नाही.

कामगार मात्र लीगच्या मागे डोळे मिटून गेले नाहीत. त्यांच्या चळवळीतल्या चार्टिस्टांना आधी मताचा हक्क हवा होता, आणि त्यांची शंका रोखठोक होती. पाव स्वस्त झाला की मालक मजुरी कापणार, मग आमच्या हाती काय? १८४४ च्या ऑगस्टमध्ये नॉर्थॅम्प्टनला कॉब्डेन आणि चार्टिस्ट नेते फर्गस ओकॉनर यांचा जाहीर वाद झाला. त्यात कॉब्डेन सरस ठरले असे बहुतेकांचे मत पडले. शंका तरी काही अडाणीपणाची नव्हती, कारण मजुरी पावाच्या भावामागे चालते हे तर रिकार्डोसारखे मुक्त व्यापाराचे पंडितच लिहून गेले होते.

आता दुसरी रुक्ष गोष्ट. पिट यांनी १७९९ मध्ये फ्रान्सशी चाललेल्या युद्धासाठी प्राप्तिकर आणला होता. युद्ध संपताच १८१६ मध्ये संसदेने तो काढून टाकला. म्हणजे ज्या संसदेने १८१५ मध्ये गहू महाग ठेवायची सोय केली, तिनेच पुढच्या वर्षी स्वतःच्या उत्पन्नावरचा कर उडवला. तिजोरीचा भार मग साखर, चहा, बियर, साबण यांच्यावरच्या करांवर आला. हे कर गरिबाच्या खिशातून जास्त जातात हे सांगायला अर्थशास्त्र लागत नाही.

१८४२ मध्ये पील यांच्यापुढे वर्षाला सुमारे २५ लाख पौंडांची तूट होती. त्यांनी प्राप्तिकर परत आणला. १५० पौंडांवरच्या उत्पन्नाला पौंडामागे सात पेन्स, म्हणजे तीन टक्क्यांहून किंचित कमी. मुदत तीन वर्षे. त्याच्या आधारावर जकातीच्या यादीतल्या सुमारे १,२०० जिनसांपैकी ७५० जिनसांवरचे दर उतरवले. गव्हाची सरकती जकातही नरम झाली. आता कमाल दर २० शिलिंग होता. १८४५ मध्ये प्राप्तिकराला मुदतवाढ मिळाली आणि ४३० जिनसांवरची जकात साफ गेली.

तीन टक्क्यांच्या या करापुढे लीगची सगळी पत्रके फिकी पडावीत, असे माझे मत आहे. जकात कमी केली तर राज्य चालणार कसे, हा सगळ्यात जड आक्षेप होता आणि तो या कराने निकालात काढला. गव्हाच्या जकातीतून तसेही फारसे येत नव्हते, कारण बहुतेक माल तळाच्या दराला सुटत होता. ‘तिजोरीसाठी लागते’ ही सबब एकदा गेली की बाकी राहिली जमीनदाराच्या खंडाची काळजी. जमीनदारांची बाजू अगदीच पोकळ होती असे नाही. युद्धात नाकेबंदी झाली तर परक्याच्या गव्हावर जगणारा देश काय खाणार, हा प्रश्न माल्थस यांनी १८१५ मध्येच विचारला होता. गरिबांच्या पोषणाची पट्टीही जमिनीवरच बसत होती. पण हे मुद्दे मांडणारा पंतप्रधान आता मनाने त्यांच्यात उरला नव्हता. १८४५ च्या मार्चमध्ये कॉब्डेन यांचे भाषण ऐकता ऐकता पील यांनी हातातली टिपणे चुरगाळली आणि शेजारच्या सिडनी हर्बर्ट यांना उत्तर द्यायला सांगितले, अशी आठवण सांगितली जाते. बटाट्यावरचा रोग दिसला तो त्यानंतर सहा महिन्यांनी.

त्या हिवाळ्यातली दोन दृश्ये मुद्दाम शेजारी ठेवतो. डिसेंबरमध्ये ससेक्समधल्या शेतकऱ्यांच्या मेळाव्यात ड्यूक ऑफ नॉरफोक यांनी गरिबांना उपाय सुचवला: गरम पाण्यात चिमूटभर करी पावडर घालून प्यावी, पोटाला ऊब येते. ‘पंच’ साप्ताहिकाने त्यांची यथेच्छ खिल्ली उडवली. आपल्या मसाल्याचा ब्रिटिश राजकारणातला हा बहुधा सगळ्यात केविलवाणा प्रवेश असावा. दुसरे दृश्य विल्टशायरमधल्या गोटेकर खेड्यातले, १८४६ च्या जानेवारीतले. कडाक्याच्या थंडीत, रात्री, उघड्यावर, मेणबत्त्यांच्या उजेडात शेतमजुरांची सभा भरली. आठवड्याच्या सात-आठ शिलिंगांत घर कसे चालवतो याचा हिशेब मजूर एकामागून एक उभे राहून देत होते. यांच्या नावाने दोन्ही पक्ष तीस वर्षे बोलत होते आणि यांच्यापैकी जवळजवळ कोणालाच मत नव्हते.

२७ जानेवारी १८४६ ला पील यांनी प्रस्ताव मांडला. त्यातली तारीख पाहा. जकात क्वार्टरला १ शिलिंग या नाममात्र दरावर यायची होती ती १ फेब्रुवारी १८४९ ला, तीन वर्षांनी. आयर्लंडातल्या भुकेल्या माणसाला त्याचा काय उपयोग? नुसता दुष्काळ निवारायचा असता तर जकात तात्पुरती तहकूब केली असती तरी भागले असते. पुढे १८४७ च्या जानेवारीत, पील यांच्यानंतर आलेल्या रसेल सरकारने नेमके तेच केले. पील यांना कायदाच नको झाला होता. खुद्द वेलिंग्टन यांचे मत मात्र बटाट्याच्या बाजूचे. कुजक्या बटाट्यांनी पील यांची गाळण उडवली, अशा अर्थाचे ते वैतागून बोलले, आणि तरीही उमरावांच्या सभागृहात त्यांनीच विधेयक तारून नेले.

कॉमन्समध्ये १५ मे रोजी ३२७ विरुद्ध २२९ असा निकाल लागला. पील यांचा स्वतःचा पक्ष उभा फुटला. विरोधकांचे पुढारी लॉर्ड जॉर्ज बेंटिंक शर्यतीच्या घोड्यांचे मोठे शौकीन. राजकारणाला पुरा वेळ द्यावा म्हणून त्यांनी आपला सगळा तबेला विकला, आणि त्यातल्याच ‘सरप्लिस’ने १८४८ ची डर्बी जिंकली. २५ जूनला उमरावांनी विधेयक मंजूर केले, आणि त्याच रात्री कॉमन्समध्ये आयर्लंडविषयीच्या दुसऱ्या विधेयकावर पील यांचा पाडाव झाला.

पाव स्वस्त झाला का? लगेच नाही. क्रिमियाच्या युद्धात, १८५५ मध्ये, गव्हाची सरासरी ७४ शिलिंग ८ पेन्स होती, जुन्या तक्त्यातल्या ७३ च्याही वर. खरी स्वस्ताई आली ती अमेरिकेतली रेल्वे आणि आगबोटी आल्यावर. १८९४ मध्ये भाव २२ शिलिंग १० पेन्स झाला, तेव्हा १८४६ च्या भांडणातले जवळजवळ सगळे पुढारी मातीआड गेले होते.

टोपीवाल्या विल्सन यांचे राहिले. १८५७ च्या उठावानंतर हिंदुस्थान सरकारची तिजोरी रिकामी झाली, तेव्हा व्हाइसरॉयच्या कौन्सिलचे पहिले वित्त सदस्य म्हणून त्यांना कलकत्त्याला धाडण्यात आले. १८ फेब्रुवारी १८६० ला त्यांनी अंदाजपत्रक मांडले ते पील यांच्या वळणाचे. चैनीच्या मालावरची आयात जकात २० टक्क्यांवरून १० वर, आणि हिंदुस्थानात प्रथमच प्राप्तिकर. वर्षाला २०० रुपयांच्या आत माफी, ५०० पर्यंत दोन टक्के, त्यापुढे चार. एक फरक होता. पील यांच्या माफीची रेघ १५० पौंडांवर होती. रुपया तेव्हा दोन शिलिंगांचा, म्हणजे विल्सन यांची रेघ वीस पौंडांवर आली.

कराला सगळ्यात मोठा जाहीर विरोध झाला तो मद्रासच्या गव्हर्नरांकडून, चार्ल्स ट्रेव्हेल्यन यांच्याकडून. आयर्लंडच्या दुष्काळात लंडनच्या खजिन्यातून मदतकार्याच्या नाड्या हाती ठेवणारे ते हेच गृहस्थ. त्या वेळी सरकारने हात आखडता ठेवावा म्हणून विल्सन यांचे साप्ताहिक लिहीत होते. बारा-चौदा वर्षांनी दोघे एकमेकांसमोर उभे राहिले ते हिंदी माणसाच्या खिशावरून. आपला विरोध ट्रेव्हेल्यन यांनी वर्तमानपत्रांत छापून आणला म्हणून त्यांना परत बोलावण्यात आले. करकायदा २४ जुलै १८६० पासून लागू झाला, आणि ११ ऑगस्टला विल्सन कलकत्त्यात हगवणीने वारले. पाच वर्षांच्या मुदतीचा तो कर १८६५ मध्ये संपला, पुढे निरनिराळ्या रूपांत परतला आणि १८८६ च्या कायद्याने कायमचा झाला.

(पुढील लेखांकात : मँचेस्टरचा मुक्त व्यापार मुंबईच्या गिरण्यांच्या दारात, आणि १८८२ पर्यंतचा कापड-जकातीचा तंटा)