राजवाड्याहून उज्जैन : वेगाच्या हिशेबातले काही गैरसमज

इंदूरमध्ये ‘राजवाडा किती लांब?’ असे विचारले, तर उत्तर सहसा किलोमीटरांत येत नाही. सकाळी ‘दहा मिनिटं’, संध्याकाळी ‘अर्धा तास धरा’. होळकरांचा सात मजली वाडा १८व्या शतकापासून जागचा हललेला नाही, रस्ताही तोच. बदलतो तो एका किलोमीटरला लागणारा वेळ. शाळेत ज्याला एकमान पद्धत म्हणतात ती हीच. तरीही वेग, अंतर आणि वेळ यांचे गणित समोर आले की भलेभले चुकतात.

राजवाड्याहून उज्जैनला जायचे आहे असे समजू. अंतर सुमारे ५५ किलोमीटर. त्यातले पहिले ५ किलोमीटर बाजार, सिग्नल आणि गर्दीतून ताशी १० च्या वेगाने, पुढचे ५० मोकळ्या रस्त्यावर ताशी ६० ने. हे वेग हिशेबासाठी धरलेले आहेत. शहरातली ३० मिनिटे, बाहेरची ५०, एकूण ८० मिनिटे.

पहिला गैरसमज सरासरीचा. १० आणि ६० ची बेरीज करून निम्मे केले की ३५ येतात आणि विद्यार्थी तेवढेच लिहून मोकळा होतो. पण सरासरी वेग म्हणजे वेगांची सरासरी नव्हे. एकूण अंतराला एकूण वेळेने भागावे लागते. ८० मिनिटांत ५५ किलोमीटर, म्हणजे ताशी ४१ च्या थोडे वर. नुसती बेरीज करून निम्मे करणे तेव्हाच चालते, जेव्हा दोन्ही वेगांनी सारखाच वेळ प्रवास झालेला असतो. अंतर सारखे असून भागत नाही.

दुसरी चूक कॅल्क्युलेटरवर होते. ८० मिनिटे म्हणजे १ तास २० मिनिटे, म्हणून बोटे १.२० दाबतात. पण तासाचे भाग साठ, दशांशाचे शंभर. १.२० तास म्हणजे ७२ मिनिटे. ८० मिनिटांचे तास १.३३ होतात. पावकी, निमकी, दिडकी पाठ असलेल्या पिढीकडून हा घोटाळा कमी होत असावा. १५ मिनिटांना ते पाव तासच म्हणत, ०.१५ नव्हे.

खरा गैरसमज मात्र वेगळा आहे आणि तो परीक्षेपेक्षा रस्त्यावर महाग पडतो. वेग ताशी १५ ने वाढवला की वेळ कुठेही सारखाच वाचतो, असे आपण मनात धरतो. उज्जैन रस्त्यावर ६० चे ७५ केले, तर ५० मिनिटांची ४० होतात. वाचली १०. आता बाहेर ६०च ठेवा आणि शहरात १० चे फक्त १५ करा. ३० मिनिटांची २० होतात. इथेही वाचली १०! ताशी ५ ची वाढ १५ च्या वाढीइतकी फळली.

याचे कारण दर उलटा मांडला की दिसते. ताशी १० म्हणजे एका किलोमीटरला ६ मिनिटे, ताशी १५ म्हणजे ४. ताशी ६० म्हणजे १ मिनिट, ताशी ७५ म्हणजे ४८ सेकंद. गर्दीत दर किलोमीटरला २ मिनिटे सुटतात, मोकळ्या रस्त्यावर १२ सेकंद. अंतर ठरलेले असेल तर वेळ आणि वेग व्यस्त प्रमाणात असतात. चाळीसगावजवळच्या पाटणे येथे ज्यांच्या वंशजांचा शिलालेख आहे, त्या भास्कराचार्यांनी ११५० च्या सुमारास ‘लीलावती’त त्रैराशिकाबरोबर व्यस्त त्रैराशिकही सांगितले ते उगाच नाही.

या हिशेबाने पाहिले तर इंदूरच्या मेट्रोबद्दलही थोडे कुरकुरावेसे वाटते. ३१ मे २०२५ ला सुरू झालेला सुमारे ६ किलोमीटरचा, पाच स्थानकांचा पहिला टप्पा सुपर कॉरिडॉरवर आहे, जिथला रस्ता आधीच रुंद आणि मोकळा. मिनिटे तुंबतात ती राजवाडा, सराफा, खजुरी बाजार या भागात.

शेवटचा गैरसमज सगळ्यात चिवट : जाताना उशीर झाला तर येताना भरून काढू. उज्जैनला जाताना सरासरी ३० चा वेग पडला आणि जाऊन-येऊन सरासरी ६० हवी आहे, तर परतीचा वेग किती? बहुतेक जण ९० सांगतात. ११० किलोमीटर ताशी ६० ने म्हणजे ११० मिनिटे. आणि ५५ किलोमीटर ताशी ३० ने जाताना तेवढीच ११० मिनिटे संपलेली आहेत. परतीला विमान मिळाले तरी ती सरासरी गाठता येत नाही.