अंगणातील गुग्गुळ

योगराज, कांचनार, त्रिफळा, गोक्षुरादि हे गुग्गुळकल्प ज्याच्या फळीवर नाहीत असा वैद्य खानदेशात शोधूनही सापडणार नाही. मात्र ज्या झुडपाच्या निर्यासावर हे सारे कल्प उभे आहेत, ते झुडूप वाढताना पाहिलेले आपल्यापैकी किती? आम्हीही बरीच वर्षे गुग्गुळ केवळ पोत्यातच पाहिला होता.

राजस्थान व कच्छच्या रुक्ष भूमीतील ही वनस्पती. जळगाव-धुळ्याचा उन्हाळा तिला मुळीच परका नाही. अडचण आहे ती मातीची. जळगावकडील तापीकाठची केळीची काळी, खोल जमीन तिला मानवत नाही. आम्ही प्रथम लावलेल्या पाचही कांड्या अशाच मातीत, रोजच्या पाण्याने कुजल्या. पुढे कुंपणालगत मुरूम व वाळूचा उंचवटा करून पुन्हा लावल्या, तेव्हा त्या धरल्या. साक्री, शिंदखेड्याकडील हलक्या, निचऱ्याच्या जमिनी त्या दृष्टीने अधिक सोयीच्या.

बियांची उगवण फार कमी. म्हणून करंगळीएवढ्या जाडीची, वीतभराहून थोडी लांब, जून फांदीची कांडी पावसाळ्याच्या तोंडावर लावावी. दोन झुडपांत सुमारे २ मीटर अंतर असावे. पहिल्या उन्हाळ्यात क्वचित पाणी द्यावे, पुढे तेही नको.

नवख्याची फसगत होते ती पानगळीनंतर. पाने पावसाळ्यात येतात आणि वर्षाचा बराच काळ झुडूप निष्पर्ण, काटेरी, वाळक्या काटक्यांचा भारा वाटते. आमच्या घरी तर ते एकदा उपटण्यापर्यंत वेळ आली होती! अशा वेळी खोडावरील कागदासारखा पापुद्रा हलकेच सोलून पाहावा. आतली साल हिरवीगार दिसते. पाने नसतानाही ही साल अन्न तयार करीत राहते, म्हणून पाने नसली तरी झुडूप हिरवेच म्हणावयाचे. मेले समजून त्या काळात पाणी घालणे म्हणजे ते खरोखरच मारणे होय.

निर्यासासाठी मात्र ६ ते ८ वर्षे थांबावे लागते, आणि हाती येतो तो एका झुडपामागे फार तर अर्धा किलो. अधिक हव्यासाने खोल घाव घातले, इथेफॉनसारखी रसायने वापरली, की झुडूप वाळते. रानातील गुग्गुळ बहुतांशी असाच संपत आला. २०१५ मध्ये आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघाने त्याची नोंद अतिसंकटग्रस्त म्हणून केली. आपण लिहिलेल्या प्रत्येक चिठ्ठीचा त्यात अंशतः वाटा आहे, हे नाकारण्यात अर्थ नाही.

अंगणातील चार झुडपांनी औषधालयाची गरज भागणार नाही, हे उघड आहे. परंतु भावप्रकाशात नवा गुग्गुळ बृंहण व पुराण गुग्गुळ अतिलेखन सांगितला आहे. बाजारातील पोते किती जुने, हे विक्रेताही छातीठोकपणे सांगू शकत नाही. मेदोरोगात द्यावयाचा गुग्गुळ नवा निघाला, तर दोष कोणाचा? आपल्या झुडपाचा निर्यास बरणीत भरून वर साल लिहिले की निदान तेवढ्यापुरता हा संशय फिटतो. शिवाय खऱ्या गुग्गुळाचा गंध, रंग, चिकटपणा एकदा परिचयाचा झाला की भेसळीचा माल हाती घेताच शंका येऊ लागते.

औषधालयचालकांनी हलक्या जमिनीच्या दोन-चार शेतकऱ्यांशी आताच बोलणी करावीत. इतकी वर्षे थांबावयाचे तर खरेदीची लेखी हमी त्यांना हवीच. कांड्यांसाठी मात्र रानातील झुडपे तोडू नयेत. आमच्या उंचवट्यावरील झुडपांच्या कांड्या मृगाआधी मागून न्याव्यात.