स्वर्गीय नर्तकाचा संसार

सिंहगडाच्या पायथ्याच्या दरीत, सावलीतल्या एखाद्या डबक्यापासून जरा दूर, उन्हे कलताना स्वस्थ बसावे. एप्रिल-मे महिन्यांत, म्हणजे पुण्यात व्याख्यानांचा हंगाम असतो त्याच दिवसांत, तेथे स्वर्गीय नर्तक आंघोळीला येतो. फांदीवरून सूर मारायचा, पाण्याला क्षणभर अंग लावायचे, परत फांदीवर जाऊन पिसे झटकायची, असा त्याचा क्रम चालतो. मागे फितीसारखी दोन लांब पिसे लहरत असतात.

शास्त्रज्ञांनाही त्याने फिरविले आहे. लिनियसने १७५८ साली त्याला चक्क कावळ्यांत घातले. पुढे तो माशीमारांत गेला. आता त्याचे कूळ खऱ्या माशीमारांहून निराळे धरतात. त्याच्या प्रजातीच्या ग्रीक नावात आनंददायक आवाजाचा उल्लेख आहे. पण रोजची हाक ऐकाल तर चांगलीच कर्कश! विणीच्या दिवसांत मात्र तो गोड गातो.

अंगाने हा बुलबुलाएवढा. डोके काळे, तकतकीत, त्यावर तुरा आणि डोळ्यांभोवती निळे कडे. पूर्ण वाढलेल्या नराच्या शेपटीतील मधली दोन पिसे फूटभरापर्यंत लांबतात. काही नर पाठीने तांबूस, तर काही दुधासारखे पांढरे. या दोन जाती नव्हेत. एकाच जातीची ही दोन रूपे होत. श्रीलंकेतील स्थानिक उपजातीत तर नर पांढरा होतच नाही. मादी तांबूस, आखूड शेपटीची. कोवळा नरही तसाच दिसतो. लांब शेपटी यायला त्याला दोन-तीन वर्षे लागतात.

पोटासाठी तो झाडीच्या सावलीत ताठ बसून राहतो आणि उडता किडा हवेतल्या हवेत टिपतो.

एवढ्या थाटाचा नर घरकामात काय उपयोगाचा, असे वाटेल. पाळ्यांचे हिशेब करण्यात आमचे आयुष्य गेले, म्हणून आम्ही हे मुद्दाम तपासले. घरटे दोघे मिळून बांधतात: बारीक काड्या, मुळे, वर कोळ्याच्या जाळ्याचे लिंपण, अशी ती लहानशी वाटी फांदीच्या टोकाशी असते. तीन-चार अंडी सुमारे दोन आठवडे आळीपाळीने उबवितात. नराची पाळी असली, की ती लांब शेपटी वाटीबाहेर लोंबत राहते. शत्रूच्या नजरेत भरेल अशी, पण म्हणून तो पाळी चुकवीत नाही. पिल्लांना भरविणेही दोघांचेच. कधी कधी ही जोडी कोतवालाच्या घरट्याशेजारी बिऱ्हाड करते. कोतवाल कावळ्या-शिक्र्यांना हुसकावून लावतो, त्याचा लाभ शेजाऱ्यालाही होतो.

पिल्ले घरट्यात राहतात ती नऊ ते बारा दिवस. नेमके याच वेळी कॅमेरे घेऊन मंडळी जवळ जातात. कायदे वाचण्याची आम्हांला धंद्याने सवय लागली आहे. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यात शिकारीची व्याख्या पाहावी: रानपक्ष्याच्या अंड्यांना वा घरट्याला उपद्रव देणे हीही शिकारच. त्याला बंदूक लागत नाही. छायाचित्र स्वच्छ यावे म्हणून घरट्यापुढची चार पाने छाटली, की पिल्लांवर मे महिन्याचे ऊन येते, आणि वरून फिरणाऱ्या कावळ्यालाही ती तितकीच स्वच्छ दिसतात.