जपानचे बुत्सुदान आणि पणजोबांचा फोटो

बोनकोड्यातल्या एका बौद्ध कुटुंबाने नुकतेच घर बदलले. सामान लावताना वाद झाला, पणजोबांचा फोटो बुद्धमूर्तीशेजारी ठेवायचा का? आजी म्हणाली, "ठेवा. मामांमुळेच आपण बौद्ध झालो." कॉलेजात जाणारी नात म्हणाली, "मग ही पूर्वजपूजाच झाली ना?" मी तिथे बसले होते, पण मलाही पटकन उत्तर सुचले नाही.

जपानमध्ये हा वाद झालाच नसता. तिथल्या जुन्या घरांत 'बुत्सुदान' नावाचे लाकडी कपाट असते. आत बुद्धाची मूर्ती किंवा चित्र आणि घरातल्या मृतांच्या नावांच्या पाट्या. त्यांच्यापुढे भात, पाणी, अगरबत्ती ठेवतात. 'ओबोन'च्या दिवसांत पूर्वज घरी येतात, अशी समजूत आहे. आपल्याला पितृपक्ष आठवावा असाच प्रकार.

याची मुळे सत्तेच्या हुकमातही आहेत. सतराव्या शतकात तोकुगावा राजवटीने ख्रिस्ती धर्मावर बंदी घातली आणि आपण ख्रिस्ती नाही हे दाखवण्यासाठी प्रत्येक कुटुंबाला बौद्ध मंदिरात नोंद सक्तीची केली. बौद्ध असणे ही माणसाची निवड न राहता घराण्याची नोंद झाली. मंदिराकडे उरले मुख्यतः अंत्यविधी आणि पुण्यस्मरण. पुढे 1898 च्या कायद्याने कुटुंबप्रमुखाला, म्हणजे बहुधा थोरल्या मुलाला, मोठे अधिकार दिले. 1947 च्या दुरुस्तीने ते गेले, पण बुत्सुदान आणि कबर सांभाळायला कुणीतरी लागतेच. मुले कमी, तीही शहरात. म्हणून आता 'हाकाजिमाई' होते, म्हणजे गावाकडची कबर बंद करून अस्थी दुसरीकडे हलवणे. फ्लॅटसाठी तर टेबलावर मावणारे बुत्सुदान विकत मिळते.

आपले उलटे आहे. 14 ऑक्टोबर 1956 नंतर आपल्या माणसांनी घराण्याची रीत मोडून धम्म घेतला. बाबासाहेबांच्या 22 प्रतिज्ञांतली सहावी तर श्राद्ध-पिंडदान स्पष्ट नाकारते. पण नातवंडांना धम्म जन्मासोबत, शाळेच्या दाखल्यावर मिळाला. तो लग्न आणि पुण्यानुमोदनापुरताच उरेल का, ही माझी काळजी आहे. फोटो कुठे लावता याची नाही.

त्या दिवशी आजीने सांगितले, मामांनी घरातले देव टोपलीत भरून नदीत सोडले, तेव्हा भावकी वर्षभर बोलत नव्हती. नातीने हे कधी ऐकलेच नव्हते. फोटो शेवटी समोरच्या भिंतीवर लागला, आजी जिथे बसते तिथून दिसेल असा.