वजाबाकीवर जगणारा जीव

विरारला लोकलमध्ये चढताना पडद्यावरच्या पिल्लाला खाऊ घाला, गेममधून बाहेर पडा आणि फोन खिशात टाका. चर्चगेटला उतरून गेम उघडा. पिल्लू भुकेलेलं, शेजारी घाण करून बसलेलं! गेम तर बंद होता, मग एवढा वेळ ते जगलं कुठे?

ही किमया एका वजाबाकीची. सॅमसंग चॅम्प, एलजी कुकी, नोकिया आशा 305 अशा जुन्या टचफोनांवर जावा भाषेत लिहिलेल्या गेममधून बाहेर पडलं की तो पूर्ण थांबतो. जाता जाता तो घड्याळातली वेळ आणि पोटाची पातळी नोंदवून ठेवतो. पुन्हा उघडल्यावर आत्ताच्या वेळेतून ती वेळ वजा होते आणि तेवढ्या मिनिटांची भूक, झोप, वय एका दमात जमा होतं. आपण आधी जगतो, मग हिशेब करतो. इथे हिशेबातूनच जगणं उभं राहतं!

1996मध्ये बांदाई कंपनीने जपानमध्ये आणलेल्या तामागोची या अशाच पिल्लाच्या खेळण्याचा पडदा होता 32 बाय 16 ठिपक्यांचा. ठिपका काळा नाहीतर कोरा, म्हणजे अख्खं चित्र 64 बाइटांत! तसाच गेम चॅम्पसाठी लिहायचा, तर त्याचा पडदा 240 बाय 320. प्रत्येक ठिपका सातपट केला की 224 बाय 112ची चौकट नेमकी बसते आणि खाली बोटाला ऐसपैस जागा उरते. तिथे तामागोचीची मूळची तीन बटणं मांडता येतात, पण मला ती काढून टाकण्यातच खरी गंमत वाटते. अंघोळ घालायची तर पिल्लाच्या अंगावरून बोटच फिरवावं. बोट टेकलं, सरकलं, उचललं, एवढंच फोन गेमला कळवतो. सरकण्याच्या लागोपाठच्या जागांमधलं अंतर मोजत गेलं की अंग किती चोळलं ते समजतं.

चॅम्पचा पडदा दाबावर चालतो. वरचा लवचीक थर खालच्याला टेकतो आणि विद्युतदाबावरून जागा कळते. त्यामुळे मासळी विकणाऱ्या मावशींचं ओलं बोटही चालतं, नखही चालतं. हलकं बोट मात्र मध्येच सुटतं, म्हणून क्षणभराच्या खंडाने अंघोळ थांबू देऊ नये.

आणखी एक मेख आहे. बॅटरी काढल्यावर काही फोनांचं घड्याळ जुन्या तारखेला जातं आणि वजाबाकी उणे येते. तेव्हा शून्य धरायचं, नाहीतर पिल्लू जन्माच्याही मागे जाईल.

वसई-विरारमध्ये संगणक शिकणाऱ्या मुलांनो, घरातला असा फोन भंगारात जाण्याआधी मागून घ्या. पिल्लू जगवण्यापुरती जावा तुम्हाला येतेच.