चा, ची, चे आणि इंग्रजीतला ‘एस’

जनाबाईचे अभंग, जनाबाईचे जन्मगाव, जनाबाईचे मंदिर. तिन्हीकडे प्रत्यय एकच. पण अभंग तिने रचले, परभणी जिल्ह्यातल्या गोदाकाठच्या गंगाखेडात ती जन्मली आणि मंदिर भाविकांनी उभारले. गावाची किंवा मंदिराची ती मालकीण नव्हती. ती स्वतःला ‘नामयाची दासी’ म्हणवते, त्यातली ‘ची’ तर भक्तीची आहे.

इंग्रजीत याच कामी येणाऱ्या अपॉस्ट्रॉफी आणि ‘एस’च्या रूपाला व्याकरणात ‘पझेसिव्ह’ म्हणतात, त्यामुळे मुले प्रत्येक ठिकाणी मालक शोधू लागतात. आपल्याकडे षष्ठीचा अर्थ ‘संबंध’ असा सांगितला जातो, आणि इंग्रजीलाही तोच लागू पडतो. इंग्रजीतले हे रूप नाते, कर्तृत्व, भाग, काळ असे बरेच काही सांगते. ‘दोन दिवसांची मजुरी’ यातले दिवस कुणाचे मालक नाहीत; तरी इंग्रजीत ‘डेज’पुढे अपॉस्ट्रॉफी येतेच.

ही अपॉस्ट्रॉफी कानाला कळत नाही. एका मुलाची वही असो की अनेक मुलांची, उच्चार ‘बॉइज’च. लिहिताना मात्र एकवचनात चिन्ह एसच्या आधी येते, एसने संपणाऱ्या अनेकवचनात एसनंतर. ‘चिल्ड्रन’ हे अनेकवचन एसने संपत नाही, म्हणून तिथे पुन्हा अपॉस्ट्रॉफी आणि मग एस. ‘त्याचे’ या अर्थाच्या ‘इट्स’ला चिन्ह नसते, ते दिले की अर्थ ‘ते आहे’ असा होतो. निर्जीव वस्तूंसाठी, उदाहरणार्थ टेबलाचा पाय म्हणताना, बहुधा ‘ऑफ’ बरा.

मराठी मुलांची खरी अडचण लिंगाची. परभणीचा बाजार, परभणीची ज्वारी, परभणीचे कृषी विद्यापीठ: आपला प्रत्यय पुढच्या नामाप्रमाणे बदलतो. उर्दूतले का, की, के तसेच वागतात; निजामी राजवटीत राहिलेल्या या जिल्ह्याला ते परके नाहीत. इंग्रजीचा एस मात्र बदलत नाही. ‘हिज’ आणि ‘हर’ पाहतात ते ज्याचा संबंध सांगायचा त्या व्यक्तीकडे, पुढच्या नामाकडे नव्हे. त्यामुळे ‘त्याची बहीण’ म्हणताना बहीण स्त्री म्हणून ‘हर सिस्टर’ लिहिले, की बहीण दुसरीच कुणाची होते.

काही बाबतींत मराठी अधिक नेमकी आहे. ‘आमचे गाव’ म्हटले की ऐकणारा बाहेरचा, ‘आपले गाव’ म्हटले की तोही आत. इंग्रजीचा ‘अवर’ हा फरक दाखवत नाही. ‘रामने त्याची छत्री घेतली’ आणि ‘रामने आपली छत्री घेतली’ यांतला भेदही ‘हिज’मध्ये हरवतो. शिवाय आपण ‘मला दोन भाऊ आहेत’ म्हणतो, पण बैल ‘माझ्याकडे’ असतात. इंग्रजीला दोन्हीकडे ‘हॅव’ पुरतो.

संदिग्धता मात्र दोन्ही भाषांत आहे. ‘नामदेवांची स्तुती’ म्हणजे नामदेवांनी केलेली की नामदेवांविषयी केलेली? हे संदर्भच ठरवतो.

म्हणून शिक्षकांना एक विनंती. अपॉस्ट्रॉफीचे नियम फळ्यावर लिहिण्याआधी मुलांना एक प्रश्न विचारा: या दोन नामांमध्ये नाते कोणते? त्याचे उत्तर मराठीतून नीट आले, की चिन्ह कुठे द्यायचे हे शिकवायला फार वेळ लागत नाही.